जुना पिवळा

धाकटी जाऊ लग्न होऊन आली तेव्हापासून तिचे डोळे पिवळसरच. तिला सिकलसेल हा रक्ताचा आजार होता आणि आमच्या गडचिरोलीकडे त्याचं कोणाला नवल नव्हतं. मी उपकेंद्रात नर्स. तिची पापणी खाली ओढून पाहायची, "पाणी जास्त पी" म्हणायची आणि कामाला लागायची.

त्या उन्हाळ्यात डोळे हळदीसारखे झाले, तरी मी तेच म्हटलं.

"बाई, सिकलचं असतं तं हाडं दुखली असती," ती म्हणाली. "ह्या वक्ती काईच दुखून नाई राह्यलं."

नर्स मी, आणि चूक तिनं काढली. तिला नागपूरला नेलं. डॉक्टरांनी सुईनं लिव्हरचा तुकडा काढून तपासला. रक्ताचा आजार होताच, शिवाय रोगाशी लढणारे अंगातले राखणदारच लिव्हरवर उलटले होते. गोळ्या दिल्या आणि बजावलं, "मनानं बंद करायच्या नाहीत. जिवावर बेतेल."

पिवळेपण उतरलं, पण गोळ्यांनी गाल फुगले. धानाच्या रोवणीला शेतातल्या बांधीत बायका सुरू झाल्या, "बिमार म्हन्ते अन् गाल तं पहा! जाऊबाई ताकदीची सुई देते का वं?" ती हसायची. मीही हसले होते.

निंदणाच्या सुमारास पापणी ओढली, तर पुन्हा हळद.

"गोळ्या कुठी हायेत?"

तिनं धानाच्या ढोलीत हात घालून न फोडलेली पाकिटं काढली.

"तुमाले कोणी हासत नाई ना, बाई."

त्याच दिवशी तिला नागपूरला नेलं. डॉक्टरांनी आम्हा दोघींना झापलं आणि गोळ्या पुन्हा सुरू केल्या. घरी आल्यावर दुपारच्या जेवणाला मी तिला घेऊन बांधीवर गेले. सगळ्यांसमोर गोळी तिच्या हातावर ठेवली.

"गाल ह्या गोळीनं फुगले. बंद केली तं हे पोरगी मरते. आता हासा."

कोणी हसलं नाही. मग सगळ्यांत म्हातारी बाई म्हणाली, "खाय वं पोरी. गालाले काय होते, आमच्यापाशी तं तेवढेबी नाईत." तेव्हा मात्र जाऊच आधी हसली, आणि तिनं गोळी गिळली.

पुढे बांधीवरूनच हाक यायची, "गोळी झाली का वं?"

धान कापणीला आलं तेव्हा मी अंगणात तिची पापणी ओढली. पांढरं नव्हतंच काही, ते कधीच नव्हतं. तिचा जुना पिवळसर रंग परत आला होता. मला तेवढाच हवा होता. "पाणी जास्त पी," म्हटलं आणि कामाला लागले.