हात माझाच दिसेल

रंगमंचावर मी काय नाही झाले? फौजदार झाले, ऊसतोडीची मुकादमीण झाले, दाढी लावून म्हातारा झाले. विधवा तर इतक्यांदा झाले की आमच्या मंडळींनी माझ्या मेकअपच्या पेटीतून कुंकवाची डबीच काढून टाकली होती. तेव्हा नवरा विंगेत पडदा ओढायला उभा असायचा, चांगला धडधाकट. मी आत आले की चिडवायचा, "आज परत मारलंस का मला?"

मग तो खरंच गेला. तेव्हा मी राहात्यात ठसठशीत कुंकू लावून सवाष्णीचं काम करत होते.

वर्षाच्या आत पारनेरकडे एका सिनेमाचं शूटिंग लागलं. छोटा सिनेमा, त्यामुळे माणसं गावातलीच. मी नवरीची आई. नवरी झालेली मुलगी गावातली, आणि तिची खरी आत्या तिच्यासोबत. हळदीच्या शॉटला मी हिरव्या बांगड्या भरून बसले, हळद कालवली, तोच आत्या आडवी आली. मी विधवा असल्याचं कुणीतरी तिच्या कानावर घातलं होतं.

"बाई, राग मानू नका. पन हळद तुमी नका लावू. पोरीचं खरं लगीन अजून व्हायचंय."

दिग्दर्शकानं लगेच तोड काढली. "ताई, चेहरा तुमचाच घेऊ. हात फक्त दुसऱ्या सवाष्णीचा."

माझं डोकंच फिरलं. तो गेल्यावर मिळालेलं हे पहिलं काम. आज दुसरीचा हात चालवून घेतला असता, तर उद्या मला सवाष्णीचं काम कुणीच दिलं नसतं.

"चेहरा माझा तर हातही माझाच. नाहीतर दुसरी आई शोध."

मग आत्याकडे वळले. "मी शंभरदा कुंकू पुसलं, तवा मालकाला काय बी झालं न्हाई. ते गेले तवा कपाळ भरलेलं हुतं. कुंकवानं मानूस टिकत असता, तर माजा गेलाच नसता."

आत्याला काही पटलं नाही. ती तोंड फिरवून बसली. पोरीनं मात्र पाट माझ्यासमोर ओढला आणि म्हणाली, "लावा तुमी."

लावली. जरा जास्तच, पार कानापर्यंत. दिग्दर्शक म्हणाला, पुन्हा घेऊ. मी म्हटलं, आहे तोच ठेव.

शूटिंगच्या त्या हिरव्या बांगड्या मागून घेतल्या आणि हातात तशाच ठेवून घरी आले. दारात थोरली जाऊ. नवरा गेला त्या दिवशी माझ्या बांगड्या तिनंच फोडल्या होत्या. ती हातांकडे बघत राहिली.

"जाऊबाई," मी म्हटलं, "ह्या माज्या कामाच्या हायेत. ह्या फोडायच्या न्हाईत."