दुधातली सुरमई

माझ्या दोन्ही हातांवर आणि हनुवटीवर कोड आहे, सातव्या वर्षापासून. हे आधीच सांगून टाकते, कारण त्या रविवारी रिहे गावातल्या माझ्या माहेरच्या स्वयंपाकघरात जे झालं ते त्यावरूनच झालं. त्याचा राग अजून माझ्या डोक्यातून गेलेला नाही, आणि तो जावा असं मला वाटतही नाही.

धाकट्या भावाच्या बायकोला सहावा महिना लागला होता. ती रिह्याहून रोज हिंजवडीला नोकरीला जाते. ऑफिसच्या पार्टीत कधीतरी तिने चीज घालून भाजलेले मासे खाल्ले होते, आणि डोहाळे लागले ते नेमके त्याचेच. लाजत लाजत तिने मला फोन केला. मी बावधनला एकटी राहते, शाळेत शिकवते आणि माझ्याकडे ओव्हन आहे, एवढं तिला ठाऊक होतं. तिच्या डॉक्टरीणबाईंनी ताजे आणि नीट शिजवलेले असतील तर खुशाल खा म्हणून सांगितलं होतं. मी ओव्हन गाडीत टाकला, मासळीवाल्याकडून सुरमई आणि कोळंबी घेतली आणि सकाळीच रिह्याला पोचले.

कोळंबीचे काळे धागे काढले. सुरमईचे काटे काढून लहान तुकडे केले, मीठ आणि मिरपूड लावून ठेवले. आईने उकडलेल्या बटाट्यांच्या चकत्या करून दिल्या, पण माशांना हात लावला नाही. आई मासे खात नाही. तीस वर्षं झाली असतील. माळ घातलेली नाही, कुठलं व्रत नाही, फक्त खात नाही. त्याआधी ती पावसाळ्यात खाचरातले खेकडे कशी खायची ते मला चांगलं आठवतं. नांगीचा बारीक तुकडासुद्धा चोखल्याशिवाय टाकायची नाही. का सोडलंस म्हणून विचारलं की म्हणायची, वास नको वाटतो. मी आणखी कधी खोदून विचारलं नाही.

लोण्यात मैदा परतून मी दूध ओतायला घेतलं, तेवढ्यात मागच्या दाराने आत्या आत आली. ही वडिलांची थोरली बहीण. माझ्या लहानपणी ती माहेरीच राहायची आणि सगळं घर तिच्या हुकमावर चालायचं. आता मुलाकडे असते, शेजारच्या गावात. वय ऐंशीच्या पुढे, आवाज मात्र तसाच खणखणीत. तिने पातेल्यात डोकावलं, ताटातली सुरमई पाहिली, आणि हे दोन्ही एकत्र करणार का म्हणून विचारलं. मी हो म्हटलं.

त्यावर ती माझ्याशी बोललीच नाही. भावजयीकडे वळली.

"हिचं हात बघ," ती म्हणाली. "मासळीवर दूध पाजलं हिच्या आयनं, म्हनून ह्ये झालं. तुला तसलंच लेकरू पायजेल का?"

तसलंच. मी सत्तेचाळीस वर्षांची आहे. या भागातली कितीतरी पोरं या हातांनी अक्षरं गिरवायला शिकली. आणि माझ्याच माहेरी, मी समोर उभी असताना, माझे हात एका पोटुशीला भीती घालायला वापरले जात होते.

भावजयीने चीज किसायचं थांबवलं आणि पोटावर हात ठेवला. तिची भूक मेली हे मला दिसलं. माझं टाळकं सटकलं. मी आवाज चढवून सांगितलं की चामडीच्या डॉक्टरांनी मला कधीच सांगितलंय, कोडाचा दुधाशी संबंध नाही आणि माशांशीही नाही, असल्या थापांवर एका पोरीचं खाणं बंद करू नकोस. मी बोलत राहिले आणि इकडे पातेल्यात गुठळ्या झाल्या. आत्या शांतपणे म्हणाली की डॉक्टरांना काय कळतंय, सगळ्या गावाला ठाऊक आहे, आणि माझ्या आईने तरी कधी नाही म्हटलंय का, विचार तिला.

हे खरं होतं. आई कधीच नाही म्हणाली नव्हती. मी सतरा वर्षांची असताना मला बघायला आलेले पाहुणे माझे हात बघून पोहे न खाता उठले, तेव्हाही आत्याने अंगणात हेच सगळ्यांना ऐकवलं होतं आणि आई खाली मान घालून पोह्यांच्या बश्या गोळा करत राहिली होती.

आता तिने सुरी बाजूला ठेवली.

"दूध व्हतं कुटं, वन्सं?" आई म्हणाली. "पाटंला डेरीला जायाचं. ऱ्हायलेलं तुमी कपाटात ठिवायचा, मालकास्नी आन् पावन्यास्नी. माझ्या पोरीला कवा कोरा च्या सोडून काय मिळालं, सांगा की."

मी आईवर ओरडले, मग इतकी वर्षं गप्प का बसलीस.

"न्हाई म्हनले आसते, तर माझ्या म्हायेरच्या रक्तात हाय म्हनले आसते समदे. माझ्या दोन बहिनी लग्नाच्या व्हत्या तवा. मासळीवर गेलं, त्या सुटल्या."

आत्याने पदर सावरला, आपल्याला असलं काही आठवत नाही म्हणाली आणि आल्या दाराने निघून गेली. मी तिला थांबवलं नाही, आणि त्याचं मला वाईटही वाटत नाही. गुठळ्या घोटून काढल्या. भांड्यात बटाटे, सुरमई, कोळंबी यांचे थर लावले, वर पांढरी ग्रेव्ही ओतली, चीज पसरलं आणि वरचा थर तांबूस होईपर्यंत भाजलं. राग हातात उतरला होता, ओव्हनचं दार दोनदा आपटलं.

भांडं बाहेर काढलं तरी भावजय नुसती बघत बसली होती. तेव्हा आईने ताटली ओढून घेतली, स्वतःला चांगलं डावभर वाढून घेतलं आणि तिच्या समोर बसून पहिला घास खाल्ला.

"खा बाय," ती म्हणाली. "काय हुत न्हाई."

मग भावजयीने खाल्लं. दुसऱ्यांदाही मागून घेतलं.

मी मात्र आईकडेच बघत होते. ती तुकडा जिभेवर घोळवून, सावकाश खात होती. वास नको वाटणारं माणूस असं खात नाही. मी म्हटलं, दूध पाजलं नव्हतंस हे तुला पक्कं ठाऊक होतं, मग आत्याच्या बोलण्यावरून मासे का सोडलेस?

"तिच्या बोलन्यावर कशाला सोडीन?" आई म्हणाली. "पावनं उटून गेलं त्या दिशी तू म्हनलीस, तवा सोडलं."

पाहुणे मला आठवत होते. पोहे आठवत होते, आत्याचा शब्द न् शब्द आठवत होता. संध्याकाळी आई ताटात कालवण घेऊन बसली असताना मी तिला काय म्हटलं होतं, तेवढं मी विसरले होते. तुझ्या ह्या खाण्यापायी माझं वाटोळं झालं, असं म्हटलं होतं. तिने ते ताट सारून ठेवलं होतं.

आईने रिकामी ताटली पुढे केली. मी तिला वाढलं.