पितळी नाण्यावरची बाई

हबीबसाहेब गेल्याचं त्यांच्या मुलीनं फोनवर सांगितलं, त्याला आता महिना होईल. फोन ठेवला आणि मला हसूच आलं… कारण सगळ्यांत आधी आठवलं ते त्यांचं ओरडणं.

हैदराबाद राज्य मोडून त्याचे तीन वाटे होत होते, तेव्हाची गोष्ट. मी वसमतचा, घराण्यातला पहिला पदवीधर, नामपल्लीजवळच्या एका संग्रहालयात तात्पुरता लागलो होतो. नाण्यांचा विभाग हबीबसाहेबांकडे. कोणाला ठेवायचं आणि कोणाला घरी पाठवायचं, याची यादी तयार होत होती. माझ्या नावापुढचा शेरा तेच लिहिणार होते. त्यांना खूश करायचं म्हणून मी एक काळपट रोमन नाणं चिंच आणि राखेनं लख्ख घासलं. आमच्याकडे पितळ असंच घासतात!

"क्या मियाँ, लोटा समझे क्या?" साहेब किंचाळले.

मग त्यांनी भिंग माझ्या हातात दिलं. खजुराचं झाड, खाली मान टाकून बसलेली बाई, भोवती लॅटिन अक्षरं. "जुदेया काप्ता," त्यांनी वाचलं, "म्हणजे जिंकलेली जुदेया." ज्यूंचा अख्खा देश हरला, आणि जिंकणाऱ्यांनी त्याची रडणारी बाई करून बाजारोबाजार फिरवली! जवळजवळ दोन हजार वर्षांपूर्वीची ती बातमी माझ्या तळहातावर होती. मी नोकरीच विसरलो. "आणखी कोण कोण, साहेब?" इजिप्त जिंकला तेव्हा नाण्यावर मगर आली, ते म्हणाले, आणि पुस्तकामागून पुस्तक उघडत, चित्रं दाखवत सुटले. जेवणाचे डबे तसेच राहिले.

शेवटी ते पुन्हा त्या बाईकडे वळले. माझ्या राखेनं तिचे नाकडोळे गेले होते. "रोमनां उसका देस लिए," ते हळू म्हणाले, "तुम मूँ बी ले लिए."

त्याच संध्याकाळी मी नोंदवहीत त्या नाण्यापुढे लिहिलं, 'चेहरा माझ्या घासण्यानं गेला', आणि खाली सही केली. यादीच्या दिवशी वरच्या अधिकाऱ्यांनी नेमकी तीच ओळ वाचली. "याला कशाला ठेवता?"

"इसकूच रखना," साहेब म्हणाले. "अब ये किसी का मूँ नै मिटाता."

निवृत्तीपर्यंत मी तिथेच राहिलो. आजही गौलीगुड्याच्या बसमध्ये कंडक्टरनं सुटे दिले, की नाणं कडेनं धरून आधी उलटून पाहतो… मागच्या बाजूला कोण आहे ते. "चलो चचा, आगे चलो!" लोक ढकलतात. मी पाहून झाल्याशिवाय हलत नाही.