शुक्रवारची परात

आमच्या तळेगावच्या कंपनीत कोणी गोव्याला जाऊन आलं तरी आठवडाभर सांगत बसतं. मी आणि वडिवळ्याचे सलीमभाऊ तर मशिनी बसवायला वर्षभर मोरोक्कोत होतो. आता कॅन्टीनमध्ये आम्ही बसलो की लोक टेबल बदलतात. तुम्ही नवीन आहात, ऐका.

*

आमच्या घरमालकीण फातिमाबाई बिनदुधाचा, पुदिन्याचा चहा द्यायच्या. एकदा सलीमभाऊंनी खाणाखुणा करून दूध मागितलं. बाईंनी तबकात दूध आणि खजूर आणून ठेवले! त्यांची मुलगी सलमा हसत सुटली. तिला थोडं इंग्रजी यायचं. म्हणाली, "आमच्याकडे लग्नात हे नवरा-नवरीला देतात."

सलीमभाऊ हळूच मला म्हणाले, "घरी न्हाई सांगायचं हे."

*

सलमा आमच्याच प्लँटवर होती. त्यांच्या घरातली नोकरी करणारी पहिलीच मुलगी. ती स्कूटरवरून निघाली की बाई गॅलरीत दुआ पुटपुटत उभ्या राहायच्या. स्कूटर वळली की शेजारणीला काहीतरी ऐकवायच्या. काय, ते सलमानं सांगितलं, "माझी मुलगी कंपनीत आहे!"

सलीमभाऊंचं तोंड उतरलं. त्यांच्या मुलीला, रेश्माला, तळेगावात नोकरी मिळत होती, आणि हे तिला नको म्हणून सांगून आले होते.

"पोरगी शिफ्टला गेली की घर एका जागी जेवत न्हाई," एवढंच त्यांचं म्हणणं.

*

शुक्रवारी तिथे कुसकुस, म्हणजे वाफवलेला रवा, वर भाज्या आणि मटण. एकाच मोठ्या ताटात सगळे जेवतात, ज्यानं त्यानं आपल्या समोरचं खायचं. त्या दुपारी आम्ही रात्रपाळी करून घरी होतो, सलमा ड्युटीवर. सलीमभाऊ पडले भाताचे गडी. समोरचं संपलं तसा हात पलीकडच्या भरल्या कोपऱ्याकडे गेला, आणि बाईंनी बोटांवर चमचा मारला. आम्ही दोघं गार.

संध्याकाळी सलमा आली आणि तोच कोपरा पुढ्यात घेऊन जेवली. बाई समोर बसून राहिल्या. सलीमभाऊ बराच वेळ दारातून बघत होते.

*

परवा शुक्रवारी वडिवळ्याला त्यांच्याकडे जेवायला गेलो. मोठ्या परातीत इंद्रायणीचा भात, मटणाचा रस्सा, भोवती आम्ही सगळे.

"रेश्मा कुठं दिसत नाही?" मी विचारलं.

"फर्स्ट शिफ्टला गेलीय," वहिनी म्हणाल्या.

भात असा काही झाला होता की बोलता बोलता माझ्या समोरचा संपला. पलीकडे ढीग तसाच होता. मी हात घातला.

सलीमभाऊंचा चमचा माझ्या बोटांवर बसला.