मेक्सिकोकाकांचं शेवटचं कडवं

मेक्सिकोकाका आपल्या मरणांबद्दल फार आनंदाने बोलत. तरुणपणी ते त्यांच्या देशातल्या सिनेमांत नायकाच्या गाणाऱ्या मित्राचं काम करत, आणि हा मित्र गाता गाता गोळी लागून मरे. "घोड्यावर मेलो, विहिरीपाशी मेलो, एकदा तर स्वतःच्या लग्नात मेलो." माझी बायको नीता चहा देताना विचारायची, "काका, आज कुठे मेलात?" मग एखादं नवीन मरण निघायचं.

इथे आखातातल्या अहमदीत ते आमच्या शेजारी राहत. त्यांची मुलगी माझ्याच खात्यात इंजिनीअर. आई वारल्यावर तिने वडिलांना इकडे आणलं. रोज संध्याकाळी इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून ते आमच्याकडे येत. मला 'बेसिनो' म्हणत, म्हणजे शेजारी. दोघांच्याही मोडक्या इंग्रजीवर आमचं छान चाले.

त्यांचे वडील घोड्यांना नाल ठोकायचे. पंधराव्या वर्षी काका गावोगाव फिरणाऱ्या तंबूतल्या खेळात गाऊ लागले. तिथून रेडिओ, मग सिनेमा. तसले सिनेमे निघायचे थांबले, तरी जत्रांत, लग्नांत आणि मयतीलाही ते गात राहिले. मयतीला गाणं कसलं, असं नीताने विचारलं तर म्हणाले, "सगळं गाव त्याच्यासाठी जमलेलं असतं. मुक्यानेच कसं पाठवायचं?" सिनेमाबद्दल मात्र त्यांची एक तक्रार होती. "शेवटचं कडवं कधी म्हणू दिलं नाही. त्याच्या आधीच गोळी."

गेल्या वर्षी त्यांच्या गळ्यात गाठ निघाली. ऑपरेशननंतर आवाज राहणार नाही, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं. त्याआधी एकदा लोकांसमोर एक गाणं पुरतं म्हणायचंय, एवढंच काका म्हणाले. मी आमच्या मंडळाच्या गणपतीच्या कार्यक्रमात त्यांचं नाव घातलं. सेक्रेटरी कुरकुरले, "पाचच मिनिटं हं. लेझीमच्या मुली कधीच्या नटून उभ्या आहेत."

चांदीच्या गुंड्यांचा काळा पोशाख आणि ती भलीमोठी टोपी घालून काका गिटारवर गायले. पुढच्या कार्यक्रमांची गाणी लॅपटॉपवर होती आणि लॅपटॉपवर मी. शेवटच्या कडव्याआधी ते थांबले. डोळे मिटलेले, हात तारांवर स्थिर. त्यांच्याकडे गायक तिथे असाच थांबतो, लोक आरोळी देतात, मग तो पुढचं उचलतो. हे मला नंतर कळलं. आमचे लोक गप्प बसून होते. मला वाटलं, संपलं, किंवा शब्द विसरले. सेक्रेटरींनी खूण केली आणि मी लेझीमचं गाणं लावलं. मुली धावत आत आल्या. काकांनी डोळे उघडले, टोपी काढून हसले आणि मुलींना वाट करून दिली. टाळ्या जोरात पडल्या.

परतताना गाडीत मी म्हणालो, "सिस्टीममध्ये गडबड झाली, काका."

"होतं, बेसिनो," ते म्हणाले.

ऑपरेशनला चार आठवडे होते. ते रोज येत राहिले. मी गाण्याचा विषय टाळत होतो. क्रिकेट, उकाडा, मुलाची बारावी, काहीही बोलायचो. एका संध्याकाळी ते गिटार घेऊन आले. मी ती पाहिली आणि टीव्ही लावला.

बुधवारच्या ऑपरेशननंतर त्यांना भेटायला गेलो. गळ्याला पट्टी बांधून ते पलंगावर बसले होते. तिथे मी सगळं सांगून टाकलं. बटण मी दाबलं, आणि सिस्टीमचं खोटंही मीच बोललो. त्यांनी माझा फोन मागितला, आपल्या भाषेत सावकाश टाइप केलं आणि भाषांतर माझ्यापुढे धरलं.

'डोळे उघडले तेव्हाच तुझा हात दिसला होता. आमच्याकडे दुसऱ्याच्या घरी यजमानाने सांगितल्याशिवाय गात नाहीत. तू "म्हणा" म्हणाला असतास, तर म्हटलं असतं. आवाज बुधवारपर्यंत होता.'

मला मान वर करवेना. त्यांनी माझ्या हातावर थोपटलं, आणि तेच मला जास्त लागलं.

पुढे मुलीने नोकरी सोडली आणि ती त्यांना मायदेशी घेऊन गेली. आता त्यांचे फोटो येतात: अंगणातले, नातवंडांबरोबरचे. नीता लांबलचक उत्तरं लिहिते. मी नुसता नमस्कार पाठवतो. त्या कडव्यात काय आहे, हे विचारायला मी अजून धजलेलो नाही.