पुढे चाल न देणारे काकाजी

कबड्डीचा सामना संध्याकाळी असला, तर काकाजी आमचा संघ घेऊन सकाळीच मैदानावर हजर असायचे. मैदान म्हणतो खरं, पण त्या वेळी तिथे मैदान नसायचंच. एक मोकळी जागा असायची, तिच्यात बांबूंचा ढीग, झोपलेलं कुत्रं आणि दात घासत उभा असलेला आयोजकांपैकी एखादा. तो आम्हाला मांडववाल्याची माणसं समजायचा. त्याचा गैरसमज दूर करायचा सोडून काकाजी आमच्याकडे वळायचे आणि म्हणायचे, "पाहून काय राह्यले बे? धरा बांबू."

मग आम्ही बांबू धरायचो. माती चाळायचो, खडे वेचायचो, टँकर आला की पाणी शिंपायचो, दोरी ताणून चुन्याच्या रेषा मारायचो. वर्धा जिल्ह्यातली कितीतरी मैदानं आम्ही अशी स्वतःच्या हातांनी तयार केली आहेत. दिवस कलला की समोरचा संघ जीपमधून ताजातवाना उतरायचा, कंगवे फिरवायचा आणि आम्हीच चाळलेल्या मातीत आम्हाला लोळवायचा. माती मात्र मऊ असायची. त्याबाबतीत तक्रारीला जागा नव्हती.

काकाजी म्हणजे तळेगावच्या बाजारातले किराणा दुकानदार. त्यांच्याहून वयानं मोठी माणसंही त्यांना काकाजीच म्हणायची. दुकानामागच्या मोकळ्या जागेत आमचं मंडळ खेळायचं आणि मंडळाचे अध्यक्ष, व्यवस्थापक, प्रशिक्षक, सगळं तेच. त्यांनी स्वतः जन्मात कधी कबड्डी खेळली नव्हती. साखरेचं पोतं चालायला लागलं तर जसं चालेल तसे ते चालायचे, आणि पळताना त्यांना कुणी पाहिलेलं नव्हतं. पण मैदानाच्या कडेला उभे राहून ते असा दम भरायचे की खेळणाऱ्यालाही वाटावं, आपण उगाच श्वास घेतो आहोत.

आमचं मंडळ अर्धव्यावसायिक होतं, असं मी आजकाल लोकांना सांगतो. म्हणजे बक्षीस मिळालं तर वाटून घ्यायचो आणि नाही मिळालं तर काकाजींच्या दुकानातले फुटाणे खायचो. व्यवसायाची बाजू आमचा कप्तान दिन्या सांभाळायचा. तो आमच्या तालुक्यातला नावाजलेला चढाईपटू, दुसऱ्या गावचे संघ त्याला मागून न्यायचे. उरलेली अर्धी बाजू माझी. मला कुणी मागून नेल्याचं आठवत नाही. एकदा एका गावच्या लोकांनी मला आमच्याच संघातून नक्की खेळायची विनंती केली होती, पण त्या दिवशी त्यांचा सामना आमच्याशी नव्हता, हे कळल्यावर त्यांनी ती मागे घेतली.

तरी मी संघात होतो, याला कारण माझं वजन. आमच्याकडचे बरेच सामने वजनगटाचे. खेळायच्या आधी प्रत्येकाला काट्यावर उभं करायचे आणि ठरलेल्या किलोच्या वर काटा गेला की तो खेळाडू बाद. आमची पोरं शेतकऱ्यांची, अंगानं दणकट. स्पर्धा जवळ आली की काकाजी संध्याकाळी दुकानाच्या धान्याच्या काट्यावर एकेकाला चढवायचे आणि ज्याचा काटा वर गेला त्याच्या आईला निरोप धाडायचे, "आजपासून याले भाकर अर्धी." मला मात्र कुणी काही बोलायचं नाही. मी भिजलेल्या कपड्यांनी, खिशात दगड घेऊन उभा राहिलो असतो तरी चाललं असतं. ऐन वेळी एखाद्या दांडग्याचं वजन जास्त भरलं की माझं नशीब उघडायचं. "अरुन, तू उतर," काकाजी म्हणायचे, आणि दिन्या आकाशाकडे पाहायचा.

वजन होईपर्यंत संघानं काही खायचं नाही, पाणीसुद्धा ओठ ओले करण्यापुरतं, हा नियम. काकाजींना कुणी काट्यावर चढवणार नव्हतं, तरी तेही आमच्याबरोबर उपाशी राहायचे. काकूंनी डबा दिलेला असला तरी तो टेम्पोत तसाच. एकदा मी म्हटलं, तुम्ही तरी खाऊन घ्या. तर म्हणाले, "पोट्टे उपाशी अन् मी इथं बसून पोळ्या तोडू काय? मले जाईन का घास?" पण एकदा का वजनं झाली की त्यांचा जीव मोकळा व्हायचा. केळी, शिरा, पुन्हा केळी. "खा, खा, आता कोनी मोजत नाई." म्हणजे दिवसभर उपाशीपोटी उन्हात मैदान बनवायचं, संध्याकाळी फुटेस्तोवर खायचं आणि लगेच कबड्डी खेळायची, अशी आमची पद्धत होती. इतर संघांना ती साधली नाही. आमच्या चढाईपटूला पकडायला समोरच्यांना फारसे कष्ट पडत नसत, तो वाकला की स्वतःच खाली बसायचा.

हे लवकर जायचं खूळ कुठून आलं, ते काकाजींनीच एकदा परतीच्या वाटेवर सांगितलं. मंडळ नवं होतं तेव्हाची गोष्ट. पोरांना घेऊन ते एसटीनं कुठल्याशा गावी निघाले आणि एसटी वाटेत बंद पडली. पोहोचले तोवर पंचांनी समोरच्या संघाला पुढे चाल देऊन टाकली होती, म्हणजे न खेळताच जिंकल्याचं जाहीर केलं होतं. "ते पोट्टे तिथंच ऊस खात बसले होते," काकाजी म्हणाले. "मले म्हनते, काका, तुमी हारले बी नाई. तुमी आलेच नाई." हे सांगताना त्यांचा आवाज बदलला. "हारलो असतो त गावात येऊन सांगाले काहीतरी असतं न बाप्पा. आलेच नाई म्हटल्यावर मानूस सांगन काय?"

त्या दिवसापासून त्यांनी ठरवलं की आपण हरू, पण पुढे चाल कुणाला देणार नाही. हे वाक्य ते इतक्यांदा म्हणायचे की आम्ही त्यांच्या मागे त्यांची नक्कल करायचो. त्यातला पहिला भाग आम्ही मनापासून पाळला. हरलो आम्ही भरपूर. एकाच सामन्यात आमचे सातही गडी बाद होऊन लोण बसायचा, मग दुसरा बसायचा, आणि पंच सहानुभूतीनं घड्याळ पाहायला लागायचे. पण दुसरा भागही पाळला गेला, आणि तो एकट्या काकाजींनी पाळला. कुणाच्या घरी लग्न असो, कापूस वेचायला माणूस नसो, दोन गड्यांना ताप असो, सात जण गोळा करून ते टेम्पोत घालायचेच.

पुढे दिवस बदलले. मातीच्या जागी मॅट आली. टीव्हीवर रंगीत कपड्यांतली कबड्डी दिसायला लागली आणि आमची आम्हालाच बघवेना. दिन्या पोलिसात लागला. कुणी बुटीबोरीच्या कंपनीत गेला, कुणी पुण्याला, कुणी संत्र्याच्या व्यापारात पडला. मी वर्ध्याला एका कार्यालयात कारकून झालो आणि ज्या एका गुणावर संघात होतो तो गुण चार-दोन वर्षांत गमावून बसलो. दुकानामागच्या मैदानात गवत वाढलं. मंडळ संपलं हे सगळ्यांना कळलं होतं. काकाजींना ते सांगायचं कुणी, एवढाच प्रश्न होता, आणि तो आम्ही सगळ्यांनी एकमेकांवर सोडला होता.

अशात वडनेरच्या स्पर्धेचं बोलावणं आलं. काकाजींनी नेहमीप्रमाणे हो म्हणून टाकलं आणि मग एकेकाला फोन केले. मला म्हणाले, "खुला गट हाय, वजन कोनी पाहत नाई. येजो." काकाजींना फोनवर नाही म्हणणं आमच्यापैकी कुणालाच जमायचं नाही. त्यामुळे सगळे हो म्हणाले. हीच आमची खरी चूक. एकानं जरी नाही म्हटलं असतं, तरी पुढचं टळलं असतं.

काकाजी तळेगावहून पहाटे निघाले आणि वर्ध्याला मला टेम्पोत घेतलं. टेम्पोत मागे कुणीच नव्हतं. "बाकीचे परस्पर येऊन राह्यले," काकाजी म्हणाले. वडनेरला आम्ही नेहमीप्रमाणे सकाळीच पोहोचलो. मॅट आधीच अंथरलेली होती. शिंपायला माती नव्हती, मारायला रेषा नव्हत्या. काकाजींना हातांचं काय करावं कळेना, म्हणून ते मॅटच्या कडेला बसून उपरण्यानं धूळ झटकत राहिले. दुपारपासून फोन यायला लागले. दिन्याला बंदोबस्त लागला होता. कुणाला सुट्टी मिळाली नव्हती, कुणाची गाडी चुकली होती. प्रत्येक फोनवर काकाजी एवढंच म्हणायचे, "बरं बाप्पा. संभाळून राह्यजो." सूर्य खाली गेला तेव्हा आमच्या संघात मी होतो आणि माझ्या अंगात पोटावर ताणलेली जुनी जर्सी होती.

आयोजक भला माणूस होता. तो बाजूला घेऊन म्हणाला, "काकाजी, मी माईकवर नावच घेत नाई तुमचं. पुढचा सामना लावून देतो, कोनाले समजनार बी नाई." मला ते फार सोयीचं वाटलं. मी जर्सी काढायलाही लागलो होतो. काकाजी मात्र हात जोडून पंचांपुढे जाऊन उभे राहिले. एवढ्या मोठ्या दुकानाचा मालक, आमच्या गावात ज्याच्यापुढे लोक उभे राहतात, तो एका पोरसवदा पंचाला विनवत होता. "साहेब, आमी आलो हाओत. सकाळपासून हाओत. एक चढाई करू द्या आमच्या पोट्ट्याले. मंग तुमाले लिवाचं ते लिवा." पंच म्हणाले, नियमात बसत नाही. तेव्हा समोरच्या संघाचा कप्तान पुढे आला आणि म्हणाला, "खेळू द्या सर. आमाले चालते."

तो पोट्टा मी होतो. चाळिशी जवळ आलेला, उभ्या आयुष्यात धड एक चढाई न केलेला. मध्यरेषेशी उभा राहिलो तेव्हा समोरचे सात जण हसत नव्हते, उलट त्यामुळेच मला जास्त भीती वाटली. "कबड्डी कबड्डी" म्हणत मी आत गेलो. कोपऱ्यातला पोरगा हळूच म्हणाला, "काका, रेषा शिवा अन् जा परत." सल्ला चांगला होता आणि मी तो घेणारच होतो. तेवढ्यात मागून काकाजींचा आवाज आला, "आत जा अरुन, आत." त्या आवाजाला मी कधी नाही म्हणू शकलो नव्हतो. आत गेलो.

त्यांनी मला सोडलं नाही. कोपऱ्यातल्यानं घोटा धरला, दुसऱ्यानं कंबर आणि मग सातही जण वर आले, एखाद्या खऱ्या चढाईपटूवर यावेत तसे. मी त्या ढिगाखालून मध्यरेषेकडे हात लांबवला, वीतभर अंतर राहिलं आणि दम संपला. शिट्टी वाजली. मला उठवायला काकाजी मॅटवर आले. माझा खांदा झटकत त्यांनी पंचांना सांगितलं, "आता चाल लिवाची नाई साहेब. सामना झाला. एक-शून्य लिवा." पंचांनी समोरच्या कप्तानाकडे पाहिलं, त्यानं मान हलवली, आणि माईकवर जाहीर झालं की तळेगावचा संघ एका गुणानं पराभूत. इतक्या थोड्या फरकानं आमचं मंडळ त्याआधी कधीही हरलं नव्हतं.

मंडळाचा तो शेवटचा सामना. त्यानंतर काकाजींनी कुणाला फोन केला नाही. गेल्या वर्षी ते फार आजारी पडले तेव्हा मी तळेगावला भेटायला गेलो. अंग अगदी उतरलं होतं. मी पलंगाशी बसलो, तब्येतीचं विचारलं, पण त्यांना त्यात गोडी नव्हती. मग म्हणाले, "वडनेरले वीतभरच राह्यलं होतं, नाई का बे?"

मी म्हटलं, हो काकाजी.

"तेवढा हात पोचला असता न, त साताईले बाद करून आला असता तू. साताई गेले असते. लोण." त्यांना धाप लागली, तरी ते थांबले नाहीत. "एकट्यानं जिंकून आनला असता लेका तू सामना."

नियमानं ते बरोबरच होतं. सात जणांनी धरलेला गडी मध्यरेषेला शिवला, तर सातही बाद. मला वाटलं ते थट्टा करताहेत, म्हणून मी हसायला गेलो आणि त्यांचा चेहरा पाहून थांबलो. त्यांना खरंच हळहळ वाटत होती. घरच्यांनी, मास्तरांनी, साहेबांनी, कुणीच माझ्याकडून कधी एवढ्या मोठ्या गोष्टीची अपेक्षा केली नाही, आणि मीही नाही. त्यांचा हात माझ्या हातावर होता. आठवड्याभरात काकाजी गेले. मी अजूनही कधीकधी कार्यालयात टेबलावर हात लांब करून पाहतो.