उरलेलं ऊन

यंदाचा पहिला कापूस घरात आला, त्याचा कोवळा वास नाकात गेला आणि मला ते सूप आठवलं. आमच्या हदगावकडं दिवस बुडाला तरी अंगणात थोडं ऊन मागं राहतं, कोंड्यासारखं पिवळं, घटकाभरात विरून जाणारं. ते झाडायचं नाही, लक्ष्मी जाते, असा दंडक. माझ्या लग्नाच्या पहिल्याच वर्षी सासूबाईंच्या मंगळसूत्रातलं डोरलं कापसाच्या ढिगात पडलं. कापूस न्यायला गाडी दुसऱ्या दिवशी सकाळीच येणार होती. घरातले सगळे चाचपून दमले. सासूबाई गळ्यावर पदर ओढून भिंतीला टेकल्या. मी मात्र रोज बघत होते, की दोरीवरचं पांढरं धोतर हे ऊन पिऊन उजळतं आणि त्याला लावलेला लोखंडी चिमटा काळाच राहतो; धातू हे ऊन पीत नाही. दिवस बुडताच मी केरसुणी उचलली आणि अंगणातलं ऊन सुपात भरू लागले. सासूबाई ओरडल्या, "आगं, लक्ष्मी झाडून राहिलीस का घरातली?" मी म्हणाले, "झाडून न्हाई आत्या, आत आणून राहिले." सूप ढिगावर पालथं केलं. कापूस आतपर्यंत कंदिलासारखा उजळला, आणि मधोमध हरभऱ्याएवढा काळा ठिपका राहिला. कोपरापर्यंत हात घातला, डोरलं काढलं आणि त्यांच्या तळहातावर ठेवलं. आताही शेजारच्या बायका मला दंडक सांगायला आल्या, की आत्याच उठतात आणि त्यांच्यादेखत केरसुणी माझ्या हातात देतात.